पोकेमॉनमधील दुर्मीळ प्राणी

टोकियो महानगराच्या पश्चिम भागात माचिदा नावाचे शहर आहे. १९६५ साली जन्मलेल्या सातोशी ताजिरी या मुलाचे बालपण त्या भागात गेले. त्या काळी तेथे भातखाचरे, डबकी आणि झाडी अजून शिल्लक होती. मुलाला किडे पकडण्याचा विलक्षण नाद. कोणता भुंगेरा रात्री कोणत्या झाडाला लागतो, दगड ठेवला असता सकाळी त्याखाली कोण येऊन बसते, याची त्याला इतकी बारीक माहिती की सोबती त्याला 'किड्यांचा डॉक्टर' म्हणत. पुढे शहर वाढत गेले, डबकी बुजली, खाचरांवर घरे उठली आणि किडे दिसेनासे झाले. हा मुलगा मोठेपणी व्हिडिओ गेम रचणारा झाला. निंतेंदो कंपनीचे 'गेम बॉय' हे हातात मावणारे यंत्र त्याने पाहिले. दोन यंत्रे एका तारेने जोडता येतात हे त्याच्या ध्यानात आले, आणि त्या तारेतून एखादा किडा सरपटत एका यंत्रातून दुसऱ्या यंत्रात जात आहे असे चित्र त्याच्या मनात उभे राहिले. 'पोकेमॉन' या खेळाचा उगम तो हा.

सहा वर्षांच्या खटपटीनंतर २७ फेब्रुवारी १९९६ रोजी हा खेळ जपानात विक्रीस आला. ज्यांच्या घरात लहान मुले आहेत त्यांनी 'पोकेमॉन' हे नाव ऐकले नसेल असे होणार नाही. भारतात दूरचित्रवाणीवरील त्याच्या चित्रमालिकेने ते घरोघर पोचविले. परंतु मूळ वस्तू चित्रमालिका नव्हे, तर खेळ, ही गोष्ट पुष्कळांस ठाऊक नसते. खेळाचे स्वरूप सोपे आहे. एक मुलगा घर सोडून गावोगाव हिंडतो, गवतातून चालताना त्याची नाना प्रकारच्या काल्पनिक प्राण्यांशी गाठ पडते, त्यांना तो एका चेंडूत पकडतो, वाढवितो, आणि आपल्या वहीत त्या जातीची नोंद करतो. पहिल्या खेळात अशा जाती १५१ होत्या. २०२४ च्या जानेवारीपर्यंत त्यांची संख्या १,०२५ झाली. यांतील काही प्राणी पावलोपावली भेटतात, आणि काहींच्या मागे मुलांनी महिनेच्या महिने घालविले आहेत. दुर्मीळ प्राणी दुर्मीळ का असतो, आणि एका खेळात दुर्मीळ असलेला प्राणी दुसऱ्या खेळात सहज हाती कसा लागतो, हा प्रश्न वरवर पोरकट वाटला तरी तसा नाही. निसर्गात वाघ दुर्मीळ होतो त्यास जंगलतोड, शिकार अशी कारणे असतात. येथे मात्र दुर्मीळपणा कोणीतरी टेबलाशी बसून, विचार करून ठरविलेला असतो. तो कोणी, कशासाठी ठरविला हे पाहिले असता पुष्कळ काही उमगते.

पहिली युक्ती तर अगदी उघड होती. खेळ एक नव्हे, दोन निघाले. जपानात एक लाल आणि एक हिरवा. १९९८ साली अमेरिकेत ते लाल व निळा या नावांनी गेले. दोहोंतील कथा एक, गावे तीच, रस्ते तेच. फरक इतकाच की लाल खेळातील अकरा जाती निळ्यात रानात कोठेही सापडत नाहीत, आणि निळ्यातील अकरा लालमध्ये सापडत नाहीत. एकान्स नावाचा साप हवा असेल तर लाल खेळ पाहिजे, सँडश्रू नावाचा खवल्यांचा प्राणी हवा असेल तर निळा. शिवाय चार जातींचे प्राणी असे की, ते तारेतून दुसऱ्याच्या यंत्रात गेल्यावाचून त्यांची शेवटची अवस्था येतच नाही. याचा अर्थ असा की, कितीही चतुर व कितीही चिकाटीचा मुलगा असला तरी एकट्याने वही पुरी करणे त्याला शक्यच नव्हते. त्याला दुसरा मुलगा गाठावाच लागे. या युक्तीत व्यापार आहे हे खरेच. हौशी पालकांनी दोन्ही रंग विकत घेतले असतील यात शंका नाही. परंतु पोस्टाची तिकिटे किंवा काडेपेट्यांवरील छाप जमवीत ज्यांचे बालपण गेले, त्यांना या अदलाबदलीतला जीव वेगळा समजावून सांगावयास नको. आपल्याजवळ दोन असलेली वस्तू दुसऱ्याला देऊन आपल्याजवळ नसलेली घ्यावयाची, यासाठी आधी शेजाऱ्याचे दार ठोठवावे लागते.

दुसरा प्रकार दैवाचा. पहिल्या खेळात प्रत्येक रानासाठी दहा जागांची एक यादी होती. पहिल्या दोन जागांवरील प्राणी शंभरांतून वीस-वीस वेळा भेटावयाचे, मग पंधरा, मग दहा, पाच, चार, आणि दहाव्या जागेवरील प्राणी शंभरांतून एकदा. यंत्र मनातल्या मनात २५६ पर्यंतचा एक आकडा काढी. त्यांतील तीनच आकडे दहाव्या जागेच्या वाट्याला होते. सफारी झोन नावाच्या राखीव रानात चॅन्सी नावाचा एक गुलाबी, गोल, पोटाच्या पिशवीत अंडे बाळगणारा प्राणी असे. तो कोठे शेकडा चार, तर कोठे शेकडा एक या प्रमाणात भेटे. बरे, भेटला म्हणून सापडला असेही नाही. त्या रानात आपले प्राणी लढविण्यास मनाई होती. दगड मारावा तर तो पकडण्यास सोपा होई, पण पळून जाण्याचा संभव वाढे. खाऊ टाकावा तर तो थांबे, पण चेंडूत येण्यास अधिक नाखूष होई. आणि पाचशे पावले चालून झाली की रानाबाहेर काढण्यात येई.

शेकडा एक याचा अर्थ मुलेच काय, मोठी माणसेही चुकीचा लावतात. शंभर वेळा प्रयत्न केला म्हणजे एकदा सापडलाच पाहिजे, अशी त्यांची समजूत असते. वस्तुतः शंभर मुलांनी प्रत्येकी शंभर वेळा प्रयत्न केला, तर त्यांपैकी सुमारे ३७ मुले रिकाम्या हातांनी परत येतील. नव्याण्णव वेळा अपयश आले म्हणून शंभराव्या वेळी यंत्राला दया येत नाही. त्याला मागचे काही आठवतच नसते. जत्रेत चक्रावर पैसे लावणाऱ्याला हे कळले असते तर पुष्कळ घरे सुखी झाली असती. पण ते असो.

याच दैवाची परमावधी १९९९ साली आलेल्या सोनेरी व रुपेरी या खेळांत झाली. त्यांत प्रत्येक जातीचा एक निराळ्या रंगाचा प्राणी निघू लागला. मुले त्याला 'शायनी' म्हणतात. अंगी काही विशेष सामर्थ्य नाही. रंग तेवढा वेगळा, आणि समोर येताच चांदण्या चमकल्यासारखे होते. असा प्राणी भेटण्याचा संभव ८,१९२ मध्ये एक. रागाचे सरोवर नावाच्या तळ्यात एक तांबडा ग्याराडोस तेवढा प्रत्येक खेळणाऱ्याला हमखास दाखविला जाई, म्हणजे ही चीज अस्तित्वात आहे एवढे कळावे. बाकीचे ज्याचे त्याच्या नशिबावर. एका भेटीस अर्धा मिनिट धरला तर ८,१९२ भेटींना ६८ तास लागतात, आणि इतके करूनही शंभरांतील ३७ जणांच्या पदरी काही पडत नाही. आश्चर्य असे की, यामुळे मुले कंटाळली नाहीत. उलट केवळ याच शोधाला वाहून घेतलेली माणसे जगभर निर्माण झाली.

पुढे या प्रमाणाचे काय झाले हे पाहण्यासारखे आहे. २००६ च्या डायमंड व पर्ल या खेळांत एक गंमतीची सवलत आली. दोन वेगवेगळ्या भाषांच्या खेळांतील प्राण्यांची जोडी जमविली, म्हणजे एक जपानी खेळातून आलेला व दुसरा इंग्रजी खेळातला, तर त्यांच्या अंड्यातून वेगळ्या रंगाचे पिल्लू निघण्याचा संभव पाचपट होई. ८,१९२ मध्ये पाच, म्हणजे साधारण १,६३८ मध्ये एक. खेळाचे एक प्रमुख रचनाकार जुनिची मासुदा यांच्या नावावरून मुले या रीतीला 'मासुदा पद्धत' म्हणतात. परक्या भाषेतील मित्र जोडणाऱ्याला बक्षीस देण्याची ही कल्पना कोणाला सुचली असेल ती असो, सुंदर आहे. २०१२ मध्ये सर्व जातींची वही पुरी करणाऱ्यास एक ताईत मिळू लागला, त्याने हा संभव तिप्पट होई. २०१३ साली एक्स व वाय या खेळांत मूळ प्रमाणच निम्म्यावर आणून ४,०९६ मध्ये एक करण्यात आले. ताईत आणि परभाषी जोडी दोन्ही असतील तर ५१२ मध्ये एक. म्हणजे १९९९ च्या मुलाने ज्यासाठी उन्हाळ्याची सुटी घालविली, ते २०१३ च्या मुलाला चार-दोन दिवसांत मिळू लागले. जुने खेळाडू यावर नाक मुरडतात. ते स्वाभाविक आहे. ज्यांनी पायी पंढरी केली, त्यांना मोटारीतून आलेल्यांविषयी थोडे असे वाटतेच.

परंतु सर्व दुर्मीळ प्राण्यांत रचनेच्या दृष्टीने खरोखर कौतुक करण्यासारखा प्राणी निराळाच आहे. तो म्हणजे २००२ च्या रुबी व सफायर खेळांतील फीबास. हा एक मासा. रंग मळकट, पर फाटके, ओठ जाड, एकंदरीत दिसायला अगदी दीनवाणा. १९९९ पर्यंतची सारी दुर्मीळता फाशांच्या खेळासारखी होती. फीबासची तशी नाही. १९९९ मध्ये नव्हता असा एक विचार यात आहे. एकशे एकोणिसाव्या रस्त्यावर एक लांबलचक नदी वाहते. तिचे पाणी बुद्धिबळाच्या पटासारख्या घरांत विभागलेले आहे, आणि अशी घरे चारशेहून अधिक आहेत. त्यांपैकी अवघ्या सहा घरांत फीबास राहतो. त्या घरात गळ टाकला तर दोहोंपैकी एका वेळी तोच लागतो. शेजारच्या घरात जन्मभर गळ टाकून बसले तरी लागणार नाही. घरांवर खूण काही नाही. मग सहा घरे ठरतात कशी? तर दूरच्या एका खेड्यात एक मुलगा उभा असतो, आणि सध्या गावात कोणता शब्दप्रयोग रूढ झाला आहे हे तो सांगतो. त्या शब्दप्रयोगावरून यंत्र गणित करून ती सहा घरे काढते. शब्द बदलला की मासे घरे बदलतात. आणि तो शब्द खेळणारा स्वतः बदलू शकतो, किंवा मित्राच्या यंत्राशी तार जोडली असता त्याचा शब्द आपल्याकडे येतो.

हे ज्याला कोणी सांगितले नाही त्याच्या हाती फीबास लागण्याचा संभव जवळपास नाहीच. मुले वहीत नदीचा नकाशा काढीत, एकेका घरावर फुली मारीत, आणि एका बाजूने सुरुवात करून शिस्तीने पुढे सरकत. ज्याला चिकाटी आहे त्याला तो मिळणारच, ही यातील न्यायाची गोष्ट. चॅन्सीच्या बाबतीत शंभर फेऱ्यांनंतर आपण जेथे होतो तेथेच असतो. फीबासच्या बाबतीत शंभर घरे तपासली म्हणजे शंभर घरांचा प्रश्न सुटतो. नंतर या माशाला एका विशिष्ट खाऊने वाढवून त्याचे सौंदर्य पुरेसे वाढविले की त्याचा मिलोटिक होतो, आणि मिलोटिक हा साऱ्या मालिकेतील अत्यंत देखण्या प्राण्यांपैकी एक मानला जातो. २००६ मध्ये हाच मासा एका पर्वताच्या पोटातील तळ्यात आला. तेथे चार घरे आणि तीही रोज बदलणारी. २०१० च्या खेळांत त्याचे रूपांतर एका खवल्याच्या साहाय्याने अदलाबदलीत होऊ लागले. २०१४ साली रुबी व सफायर यांची नवी आवृत्ती निघाली, तीत नदी तीच ठेवून शोध मात्र पुष्कळ सुलभ करण्यात आला. ते योग्यच झाले असे कोणी म्हणेल. पण फुल्या मारलेली वही गेली ती गेलीच.

याच्या उलट, २००६ च्याच खेळांतील मंचलॅक्स या ढेरपोट्या प्राण्याची योजना मात्र क्रूर म्हणावी लागेल. त्या प्रदेशात मध लावण्याची २१ झाडे आहेत. झाडाला मध लावावयाचा, सहा तास खरोखरीच्या घड्याळाने वाट पाहावयाची, आणि एक दिवस उलटण्यापूर्वी परत येऊन पाहावयाचे. मंचलॅक्स फक्त चार झाडांवर येतो, कोणत्या चार ते प्रत्येकाच्या खेळात निराळे असते, आणि त्या चार झाडांवरही तो शंभरांतून एकदाच येतो. त्यातून ती झाडे ज्या आकड्यावरून ठरतात त्यांपैकी एक आकडा खेळणाऱ्याला कधी दाखविलाच जात नाही. चार झाडे ठाऊक असती आणि दिवसातून दोनदा सर्व तपासली तरी सरासरी बारा-तेरा दिवस लागावयाचे. ठाऊक नसतील तर एकवीसही झाडांना मध लावीत फिरावे लागे. मूल शाळेला जाण्यापूर्वी मध लावते आणि परत आल्यावर दप्तर टाकून आधी झाडे पाहते, असे दृश्य त्या काळी कित्येक घरांत दिसले असेल. यात चतुराईला वाव नाही, मित्राचा उपयोग नाही, निरीक्षणाला फळ नाही. आहे ती केवळ खोळंबणूक.

आता ज्याच्यावाचून हा विषय पुरा होत नाही त्या म्यूकडे वळावयाचे. पहिल्या खेळातील १५१ वी जात ती ही. खेळ जवळजवळ तयार झाला तेव्हा दोष शोधण्याची साधने काढून टाकल्यामुळे कॅसेटमध्ये अगदी थोडी जागा मोकळी झाली. शिगेकी मोरिमोतो या आज्ञावलीकाराने त्या जागेत, कोणास फारसे न सांगता, म्यू हा प्राणी बसविला. खेळात तो कोठेही भेटत नव्हता. तरी पण काही जणांच्या यंत्रांत दोषामुळे तो दिसला आणि मुलांत अफवा पसरल्या. तेव्हा १९९६ मध्ये 'कोरोकोरो' या मुलांच्या जपानी मासिकाने जाहीर केले की, चिठ्ठ्या टाकून निवडलेल्या २० जणांना म्यू देण्यात येईल. अर्ज आले ७८,०००.

म्हणजे सुमारे ३,९०० अर्जांमागे एक. आकडा पाहिला तर वेगळ्या रंगाच्या प्राण्याहून म्यू मिळणे सोपेच म्हणावे लागेल! परंतु फरक मोठा आहे. वेगळ्या रंगाचा प्राणी पुन्हा उद्या शोधता येतो. चिठ्ठी निघाली नाही त्याला उद्या नव्हता. जो प्राणी प्रत्येक मुलाने पैसे देऊन घेतलेल्या कॅसेटमध्ये आधीच बसलेला होता, तो त्याच्यापासून दडवून ठेवण्यात आला होता. खेळाच्या लोकप्रियतेला या सोडतीने मोठा हात दिला हे मान्य केले, तरी त्या उरलेल्या ७७,९८० मुलांचा विचार मनातून जात नाही. पुढे मुलांनीच यावर उपाय शोधला. २००३ च्या सुमारास असे सर्वत्र कळले की, पुलाजवळच्या एका ठिकाणी ठराविक क्रमाने लढती टाळून पळ काढला असता आज्ञावलीची गल्लत होते आणि कोणाच्याही लाल-निळ्या खेळात म्यू समोर येऊन उभा राहतो. इतकी वर्षे दाराला कुलूप होते, पण खिडकी उघडीच होती.

त्यानंतर म्यूची उपलब्धता खेळागणिक बदलत गेली. २००४ च्या एमराल्ड खेळात त्याच्यासाठी एक दूरचे बेट रचले होते, पण तेथे जाण्याचा जुना सागरी नकाशा केवळ जपान व तैवान येथेच वाटण्यात आला. अमेरिका-युरोपातील मुलांच्या कॅसेटमध्ये बेट होते, होडीही होती, नकाशा मात्र नव्हता. २०१८ मध्ये चेंडूच्या आकाराचे एक वेगळे उपकरण विक्रीस आले, त्या प्रत्येकात एक म्यू; म्हणजे एकेकाळी सोडतीत मिळणारी वस्तू आता दुकानात किंमत मोजून मिळू लागली. त्याच वर्षी मोबाइलवरील खेळात ठराविक कामगिऱ्या पार पाडणाऱ्या कोणालाही म्यू मिळू लागला. आणि २०२१ साली डायमंड-पर्लच्या नव्या आवृत्तीत, आधीचा एक खेळ खेळल्याची नोंद यंत्रात असेल त्याला गावातील एक जोडपे म्यू सहज देऊन टाकी. पंचवीस वर्षांत वीस जणांचे धन सर्वांचे झाले.

अशीच, किंबहुना याहून विलक्षण हकीकत आर्सेयसची आहे. हा प्राणी खेळातील पुराणकथेत विश्वाचा निर्माता म्हणून वर्णिला आहे. २००६ च्या डायमंड व पर्लमध्ये त्याच्याकडे नेणारा जिना, जिन्यावरचे स्थान, सगळे तयार होते. पर्वतशिखरावर उभे राहून एक निळी बासरी वाजवावयाची, की जिना प्रकट व्हावयाचा. बासरी कधीच कोणाला देण्यात आली नाही. २००९ मध्ये आर्सेयस परस्पर वाटण्यात आला, जिन्याची वाट न दाखविता. मुले वर्षानुवर्षे त्या शिखरावर जाऊन उभी राहत असतील आणि काही न घडता परतत असतील. शेवटी २०२२ च्या फेब्रुवारीत, नव्या आवृत्तीत, ज्याने त्याच वर्षी निघालेला आर्सेयसच्याच नावाचा खेळ पुरा केला असेल त्याच्या खोलीत बासरी येऊन पडली. पहिल्या वेळी दहा वर्षांचा असलेला मुलगा तेव्हा सव्वीस वर्षांचा झाला होता.

२०१६ साली निघालेल्या 'पोकेमॉन गो' या मोबाइलवरील खेळाने दुर्मीळपणाचा आणखी एक अर्थ दाखविला. त्यात गवत खोटे नाही. खरोखरीच्या रस्त्यावर, देवळासमोर, समुद्रकाठी चालावे लागते. काही प्राणी भूगोलाप्रमाणे वाटले गेले. टॉरस हा बैल उत्तर अमेरिकेत, कांगासखान ऑस्ट्रेलियात, मिस्टर माइम युरोपात, फारफेच्ड हे बदक जपान व आसपासच्या देशांत. कोर्सोला हा पोवळ्यासारखा प्राणी उष्ण कटिबंधातील किनाऱ्यांचा. लंडनच्या खेळाडूने त्यासाठी विमानाचे तिकीट काढावयाचे, तोच प्राणी गोव्याच्या वाळूवर चालणाऱ्याला घरबसल्या. आपल्याकडील मुलांच्या वाट्याला अशा खेळांत क्वचितच येणारा हा मोठेपणा. मात्र खेळातील साहित्य जेथे मिळते ती ठिकाणे शहरांत दाट व खेड्यांत तुरळक होती, त्यामुळे खेड्यातल्या मुलाला साध्यातला साधा प्राणीही दुर्मीळ ठरे. भारतात हा खेळ रीतसर आला तो २०१६ च्या डिसेंबरमध्ये, एका मोबाइल कंपनीच्या सहकार्याने, आणि त्या कंपनीची दुकाने खेळातील थांबे बनली. दुकान नसलेल्या गावाला याचा उपयोग किती झाला असेल हे सांगावयास नको.

अलीकडच्या खेळांत प्राणी दडून बसत नाहीत. २०१८ पासून ते रानात हिंडताना समोर दिसू लागले. चॅन्सी दूरवरून येताना दिसते आणि २०२२ च्या खेळात तर कुरणात निवांत फिरताना आढळते. सफारी रानात दगड मारणाऱ्या मुलाला हे पाहून काय वाटेल! परंतु त्याच सुमारास एक निराळीच टंचाई आली. २०१९ च्या स्वोर्ड व शील्ड या खेळांत त्या प्रदेशाच्या नोंदवहीत ४०० जातीच ठेवण्यात आल्या. बाकीच्या शेकडो जाती दुर्मीळ नव्हत्या, तर नव्हत्याच. जुन्या खेळातून आणू म्हटले तरी त्यांना दार बंद. त्यांपैकी कित्येक पुढील वर्षी पैसे देऊन घ्यावयाच्या पुरवणी भागांबरोबर परत आल्या. जगभरच्या खेळाडूंनी याचा कडक निषेध केला. ज्यांनी वीस वर्षे एकच प्राणी एका कॅसेटमधून दुसऱ्या कॅसेटमध्ये, एका यंत्रातून पुढच्या यंत्रात जपून आणला होता, त्यांचा राग समजण्यासारखा आहे. हजार जाती प्रत्येक वेळी नव्याने रेखाटणे कोणत्याही कारखान्याला झेपणार नाही, हेही तितकेच खरे.

जुन्यातून नव्यात आणण्याची सोय तरी सर्वांना होती असे नाही. १९९९ पर्यंतच्या खेळांतील प्राणी २००२ च्या खेळांत नेता येत नसत, कारण नोंदीची पद्धतच बदलली होती. २०१६ मध्ये पहिल्या खेळांची यंत्रावर उतरवून घेण्याजोगी आवृत्ती निघाली आणि पुढील वर्षी तिच्यातील प्राण्यांना पुढची वाट मिळाली, परंतु मूळ कॅसेटमधील प्राणी होते तेथेच राहिले. त्या कॅसेटमध्ये नोंद जतन राहते ती आतल्या एका लहान, नाण्याएवढ्या बॅटरीच्या जिवावर. बॅटरी संपली की वहीतील सारी नावे एका क्षणात पुसली जातात. आधी नोंदीची नक्कल काढून ठेवली नसेल तर बॅटरी बदलण्यासाठी ती काढली तरीही तेच होते. १९९६ च्या सोडतीत ज्या २० जणांना म्यू मिळाला, त्यांच्याही कॅसेटमध्ये तशीच बॅटरी होती.